तुमच्या जगातलं द्रव्य खरवडतं कोण?

या वेळच्या पत्रांमध्ये एकच विषय फिरून फिरून आलाय, स्वतःच्या फँटसी कथेसाठी रचलेलं दुर्मिळ जादुई द्रव्य. कुणाचा खडा आहे, कुणाचं पाणी, कुणाची राख. म्हणून हे सगळं पान त्यालाच देतेय. मला हा विषय मनापासून आवडतो, त्यामुळे काही उत्तरं लांबलीयेत, सांभाळून घ्या.

प्रश्न: मी दोन वर्षं एक फँटसी कादंबरी लिहितोय. त्यात ‘ल्युमिनाइट’ नावाचा निळा खडा आहे, अंधारात चमकतो. त्यानं जखमा भरतात, माणूस उडू शकतो, तलवारीवर घासला तर तलवार काहीही कापते, शिवाय मेलेल्यांशी बोलता येतं. मित्रांना वाचायला दिली तर तिसऱ्या प्रकरणानंतर सगळ्यांचा इंटरेस्ट जातो. चुकतंय कुठे?

खड्याला फार कामं दिलीत हो. जखम झाली की खडा, दरी आली की खडा, शत्रू आला की परत खडाच, मग तुमच्या माणसांना करायला उरतं काय? वाचक तिसऱ्या प्रकरणापर्यंत थांबला कारण त्याला वाटत होतं की आता कुठेतरी अडणार, आणि ते अडतच नाही.

एक गुण ठेवा, फक्त एक, आणि त्याचा पार शेवटपर्यंत पिच्छा पुरवा. खऱ्या जगातला पाराच बघा ना. परीस लोखंडाचं सोनं करतो ही आपली कल्पना, पण पाऱ्यात प्रत्यक्ष काय होतं तर लोखंडाचा खिळा टाकला तर तो वर तरंगतो, कारण पारा पाण्याच्या साडेतेरा पट जड आहे, आणि सोन्याचा तुकडा टाकला तर पारा त्याला हळूहळू गिळायला लागतो, सोनं पांढरट पडतं, मऊ होतं, त्याचा लगदा होतो. आता या एका गुणातून किती काय निघालंय ते बघा. वाळूत विखुरलेले सोन्याचे कण गोळा करायला पारा वापरायला लागले. मूर्तींवर, भांड्यांवर सोन्याचा मुलामा द्यायला तोच लगदा फासायचा आणि खालून आंच द्यायची, की पारा वाफ होऊन उडून जातो आणि सोनं धरून राहतं. ती वाफ जायची कुठे? आंच देणाऱ्याच्या छातीत. काही वर्षांनी त्याचे हात थरथरायला लागायचे, हिरड्या सुजायच्या, चिडचिड वाढायची. स्पेनमधल्या अल्मादेनच्या खाणीतून दोन हजार वर्षांहून जास्त काळ पारा निघत होता आणि मधल्या काही शतकांत तिथे शिक्षा झालेले कैदी उतरवले जायचे, कारण कळूनसवरून कोण उतरणार. एका गुणातून देऊळ, दागिना, खाण, कैदी आणि थरथरता हात, सगळं आलं. तुमच्या ल्युमिनाइटमध्ये चार-चार गुण आहेत आणि एकही थरथरता हात नाही.

मला विचाराल तर उडणं, कापणं, मेलेल्यांशी बोलणं सगळं काढून टाका आणि फक्त उजेड ठेवा. पण त्या उजेडाला एक अट लावा. समजा त्या खड्याच्या उजेडात खोली काल जशी होती तशी दिसते. फक्त काल, परवा नाही. आवाज नाही, स्पर्श नाही, नुसतं दिसतं. आता विचार करा, चोरी झाली की सगळ्यात आधी खडा कोण मागणार, चोर पकडणारा की चोर? ज्याचं मूल काल गेलं तो बाप त्या खड्यासाठी काय काय गहाण टाकेल, आणि त्याच्या हातात तर एकच दिवस आहे, उद्या तीच खोली बघितली तर रिकामीच दिसणार. माझ्या मते इथे तुमची कादंबरी आहे, तलवारीत नाही.

प्रश्न: माझ्या कथेत जगभरात त्या धातूचे फक्त सात तुकडे आहेत. तरीही तो दुर्मिळ ‘वाटत’ नाही असं माझी बहीण म्हणते. सातचे तीन करू का?

नको. बहिणीचं बरोबर आहे, आकडा कमी केल्यानं काही होणार नाही. दुर्मिळपणा आकड्यात नसतोच, वस्तू आणि माणूस यांच्या मधे काय आडवं येतं त्यात असतो.

ॲल्युमिनियमचं उदाहरण मला फार आवडतं. पृथ्वीच्या कवचात सगळ्यात जास्त असलेला धातू तोच, साधारण ८ टक्के, म्हणजे मातीत, खडकात, पायाखाली सगळीकडे. तरी एकोणिसाव्या शतकाच्या मधल्या काळात तो सोन्याचांदीच्या रांगेत बसायचा, कारण मातीतून सुटा काढणं फार अवघड आणि महाग होतं. १८८४ मध्ये वॉशिंग्टनच्या उंच स्मारकाच्या अगदी टोकावर ॲल्युमिनियमचा छोटा पिरॅमिड बसवला, वजन तीन किलोच्या आतबाहेर, आणि बसवायच्या आधी न्यूयॉर्कमध्ये तो लोकांना बघायला ठेवला होता! दोनच वर्षांनी, १८८६ मध्ये, अमेरिकेत हॉल आणि फ्रान्समध्ये हेरू या दोन तरुणांनी, दोघंही १८६३ सालचे आणि एकमेकांचा पत्ता नसलेले, विजेनं ॲल्युमिनियम सुटं करायची तीच पद्धत शोधली आणि सगळं उलटलं. धातू तेवढाच होता, मधलं कुलूप उघडलं.

तर आडवं काय येतं हे आधी ठरवा. वाट आडवी येऊ शकते. लाजवर्दी हा गडद निळा दगड हजारो वर्षं मुख्यतः अफगाणिस्तानातल्या बदख्शानच्या डोंगरांतून यायचा आणि तिथून इजिप्तच्या राजांपर्यंत पोचायचा, मधे केवढे डोंगर, वाळवंटं आणि केवढे हात. आभाळ आडवं येऊ शकतं. इजिप्तच्याच तुतनखामुन राजाच्या थडग्यात एक लोखंडी खंजीर सापडला, २०१६ मध्ये क्ष-किरणांनी तपासला तर त्यात जवळजवळ ११ टक्के निकेल निघालं, म्हणजे ते लोखंड उल्केचं. लोखंड गाळायची विद्या तिथे रुळलेली नव्हती तेव्हा लोखंड आकाशातून पडायचं, मग त्याची वाट बघण्यापलीकडे राजासुद्धा काय करणार? आणि काळही आडवा येतो. बातम्यांमध्ये सरसकट ‘व्हेलची उलटी’ म्हणतात तो अंबर, स्पर्म व्हेलच्या आतड्यात तयार होतो, ताजा असताना काळा, चिकट, शेणासारख्या वासाचा. मग वर्षानुवर्षं समुद्रावर तरंगत ऊन, मीठ, हवा खात तो राखाडी होतो आणि सुगंधी होतो. घाई करून ते घडवून आणता येत नाही.

तुमचे सात तुकडे सातच राहू देत, पण आठवा का मिळत नाही हे वाचकाला कळलं पाहिजे. बहिणीला परत दाखवा आणि ती काय म्हणते ते कळवा.

प्रश्न: माझं द्रव्य समुद्रातल्या एका प्राण्यापासून मिळतं. ते काढतानाचं वर्णन मी ‘अत्यंत कष्टानं मिळवलेलं’ एवढ्यावर सोडलंय कारण प्रत्यक्ष कसं लिहायचं ते सुचत नाही. अजून काय लिहिता येईल?

‘अत्यंत कष्टानं’ हे शब्द आत्ताच्या आत्ता खोडा. वाचकाला कष्ट सांगायचे नसतात, त्याच्या नाकाशी आणून ठेवायचे असतात.

तुमच्या द्रव्याची खऱ्या जगातली मोठी बहीण म्हणजे टायर शहराचा जांभळा रंग. भूमध्य समुद्रातल्या काटेरी शंखगोगलगाईपासून काढायचे, टायर आणि सिडॉन ही त्याची जुनी बंदरं, आजच्या लेबनॉनमध्ये. गोगलगाईच्या अंगात एक छोटी ग्रंथी असते. शंख फोडायचा, ग्रंथी काढायची, त्यातून पिवळसर चिकट स्राव येतो, जांभळ्याचा मागमूसही नसतो. तो उजेडात ठेवला की हिरवट होतो, मग निळसर, आणि मग डोळ्यांदेखत जांभळा होत जातो. हे बघणाऱ्याला जादू वाटणार नाही तर काय! पण त्याच वेळी आजूबाजूला काय असतं, सडलेल्या गोगलगाईंचे ढीग आणि असा वास की रंगाऱ्यांच्या कपड्यांना, केसांना, अंथरुणाला तो लागलेला असणार. सिडॉनजवळ त्या फोडलेल्या शंखांची अख्खी टेकडी आहे. आणि एवढं करून मिळायचं किती? १९०९ मध्ये फ्रीडलेंडर नावाच्या रसायनशास्त्रज्ञानं १२,००० गोगलगाई घेतल्या आणि त्यांतून त्याला शुद्ध रंग मिळाला १.४ ग्रॅम. बारा हजार शंख आणि एक चिमूट!

मी या विषयाचं वाचायला लागले तेव्हा त्या चिमटीपेक्षा ती टेकडीच डोक्यात घर करून बसली. राजाच्या अंगावरचं वस्त्र सगळे रंगवतात हो, चित्रकार पण आणि लेखक पण. शंखांचा ढीग कुणी रंगवत नाही, आणि तिथे दिवसभर शंख फोडत बसलेली बाई तर अजिबातच कुणी रंगवत नाही. तिची बोटं कापलेली असतील, मिठाच्या पाण्यानं चिरा पडल्या असतील, नखांच्या कडांना तो रंग असा बसला असेल की धुतला तरी जायचा नाही. म्हणजे ज्या रंगावर राजघराण्याचा हक्क, तो रंग पहिल्यांदा तिच्या नखांवर चढतो! रोमन सम्राटांच्या काळात तर खास दर्जाचा जांभळा सम्राटाशिवाय इतरांनी वापरायला कायद्यानं बंदी होती, आता सांगा, त्या नखांचं काय करायचं?

तुमच्या कथेत एक अशी बाई आणा. नायिका नसली तरी चालेल. ती एक दिवस बाजारात हात पदराखाली लपवून चाललीये, एवढा एक प्रसंग लिहून बघा, ‘कष्ट’ हा शब्द लागणारसुद्धा नाही.

प्रश्न: नावं सुचत नाहीत. इथेरियम, क्रिस्टालियम, ऑरोनाइट अशी ठेवून बघितली, पण मराठी वाक्यात ती खड्यासारखी लागतात.

लागणारच, कारण तुमच्या कथेतला म्हातारा वैद्य मराठी बोलतो आणि नाव उच्चारताना एकदम पाठ्यपुस्तकात शिरतो. अहो, आपल्या भाषेत पदार्थांची नावं किती देखणी आहेत, त्यांच्यात एकदा मनसोक्त हिंडून या. मोरचूद, हिराकस, हिंगूळ, मनशीळ, हरताळ, नवसागर, टाकणखार, तुरटी, सुरमा, अभ्रक, गंधक, शिलाजित. गंधक म्हटलं की त्याच्या वासाची आठवण नावातच आली. मोरचूद म्हटलं की मोराच्या गळ्याचा निळा आलाच. (या मोरचुदाचा निळा खडा तापवला की तो पांढरा भुकटा होतो आणि त्यावर पाण्याचा थेंब टाकला की परत निळा. शाळेच्या प्रयोगशाळेत पहिल्यांदा हे बघितलं तो दिवस मला अजून आठवतो, बाईंनी थेंब टाकला आणि निळा रंग त्या पांढऱ्यात पसरत गेला.)

म्हणजे नाव ठेवणाऱ्यानं ती वस्तू हातात घेतलेली असते, हुंगलेली असते. तसं ठेवा. रंग, वास, जागा, जिथून खरवडतात ती जागा. पहिल्या पत्रातला चमकणारा खडा मी असते तर चांदणखार म्हटलं असतं. रात्री भिंतीवर पांढरी खपली धरते, सकाळी खरवडून काढतात, म्हणून खार, आणि चमकतो म्हणून चांदण. लोक घाईत नुसतं ‘खार’ म्हणतील, दरबारात संस्कृत वळणाचं लांबलचक काहीतरी म्हणतील, आणि चोरून विकणारे तिसरंच एखादं नाव घेतील. एकाच वस्तूची तीन नावं झाली की जग आपोआप मोठं होतं.

आणि अजून एक, मला हे सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. वस्तू भाषेत मुरली पाहिजे. ‘हरताळ फासणे’ आपण रोज म्हणतो. हरताळ म्हणजे आर्सेनिकचं पिवळं खनिज, जुन्या पोथ्यांमध्ये अक्षर चुकलं की त्यावर हरताळाचा लेप देऊन ते झाकायचे. पोथ्या गेल्या, लेप गेला, शब्द मात्र राहिला, आणि आता केलेल्या कामावर पाणी फिरवणाऱ्याला आपण हरताळ फासला म्हणतो. ‘पारा चढला’ हेही तसंच. तुमच्या जगात चांदणखार शेकडो वर्षं असेल तर त्याच्यावरून शिव्या असतील, उखाणे असतील, आई पोराला म्हणेल, ‘सारखा काय खार लावून बघतोस, झालं ते झालं.’ असं एक वाक्य आलं ना की तुमची दोन पानांची माहिती काढून टाकता येते.

प्रश्न: मी नववीत आहे. माझ्या गोष्टीत एक धातू आहे जो मुठीत धरला की वितळतो. वर्गातले म्हणतात असं काही नसतं. खरंच नसतं का?

असतं! गॅलियम. साधारण २९.८ अंश सेल्सियसला वितळतो, म्हणजे थंड खोलीत चमच्यासारखा घट्ट आणि तुझ्या तळहातावर ठेवला की थोड्या वेळात चकचकीत थेंब. मागे बोटांवर करडा डाग ठेवून जातो. गंमत म्हणजे तो सापडायच्या आधीच त्याच्याबद्दल लिहून झालं होतं. १८७१ मध्ये मेंडेलीव्हनं मूलद्रव्यांच्या तक्त्यात ॲल्युमिनियमखालची जागा रिकामी ठेवून इथे असं असं मूलद्रव्य असणार, सहज वितळणारं, असं सांगितलं आणि १८७५ मध्ये फ्रान्समध्ये ते सापडलं. अजून एक गुण तुझ्या गोष्टीत कामाला येईल बघ, वितळलेला गॅलियम ॲल्युमिनियमवर लावला तर तो आत झिरपतो आणि तो मजबूत धातू बिस्किटासारखा मोडायला लागतो. किल्ल्याचा दरवाजा, एक थेंब आणि रात्रभर वाट बघणारी तुझी नायिका. लिही पटकन.

प्रश्न: जादू कशी चालते हे शास्त्रीय पद्धतीनं समजावणं गरजेचं आहे का?

नाही. नियम पाळणं गरजेचं आहे, समजावणं नाही. फॉस्फरस १६६९ मध्ये हॅम्बर्गच्या हेनिग ब्रांडला सापडला, तो सोनं बनवायच्या नादात लघवी आटवत होता आणि भांड्यात जमलं ते अंधारात चमकायला लागलं. का चमकतं हे त्याला कुठे माहीत होतं? पण चमकत होतं ते रोज, प्रत्येक वेळी. तुमच्या पात्रांना ‘का’ माहीत नसलं तरी ‘कधी’ आणि ‘किती’ पक्कं माहीत असू दे, आणि तुम्हाला तर ते वहीत लिहून ठेवलेलं असलंच पाहिजे, नाहीतर अकराव्या प्रकरणात तुम्हीच चुकाल.

प्रश्न: माझ्या कादंबरीच्या शेवटी नायिका त्या शापित चमकत्या चूर्णाचा सगळा साठा समुद्रात बुडवते आणि राज्य सुटतं. मला शेवट आवडतो पण कुठेतरी फार सोपं झालंय असं वाटत राहतं.

तुमचं मन बरोबर सांगतंय. चमकतं चूर्ण म्हणालात म्हणून रेडियमचीच गोष्ट सांगते. मारी आणि पिएर क्युरींनी १८९८ मध्ये रेडियम असल्याचं जाहीर केलं, पण ते सुटं करायला मारीबाई लाकडी शेडमध्ये मोठमोठ्या कढयांतून खनिजाचा गाळ उकळत, लोखंडी दांड्यानं ढवळत राहिल्या आणि टनावारी गाळातून १९०२ पर्यंत हाती आला तो रेडियमचा क्षार, ग्रॅमचा दहावा भाग. रात्री शेडमध्ये गेलं की नळ्या मंद चमकत असायच्या आणि दोघांना ते बघायला फार आवडायचं. पुढे तेच रेडियम घड्याळाच्या काट्यांना आणि आकड्यांना लावायच्या रंगात गेलं. अमेरिकेतल्या कारखान्यांमध्ये तरुण मुली ते आकडे रंगवायच्या, कुंचल्याला टोक यावं म्हणून तो ओठांत धरायच्या, पुन्हा रंगात बुडवायच्या, पुन्हा ओठांत. अंगावर, केसांत चमकती धूळ घेऊन घरी जायच्या. काही वर्षांत दात पडायला लागले, जबड्याची हाडं कुजली, कितीतरी जणी गेल्या, आणि जगल्या त्यांना कोर्टात जाऊन भांडावं लागलं.

आणि कारखाने बंद झाले म्हणून ते संपलं का? रेडियम निम्मं व्हायला साधारण १६०० वर्षं लागतात. क्युरींच्या प्रयोगाच्या वह्या आजही पॅरिसमध्ये शिशाचं अस्तर असलेल्या पेट्यांत ठेवलेल्या आहेत, कारण त्या अजून किरणं फेकतायत. वह्या, कागद! तर तुमचं चूर्ण एवढ्या वर्षांत कुठे कुठे गेलं असेल त्याचा विचार करा. ते वाहणाऱ्या गाढवांच्या खोगिरात असेल, चाळणाऱ्यांच्या फुफ्फुसात असेल, गोदामाच्या फरशीच्या फटीत असेल. साठा बुडवून सिंहासनाचा प्रश्न सुटेल, त्यांचा कसा सुटणार?

शेवट बदलू नका, बुडवू दे तिला, तो प्रसंग तुम्ही सुंदर लिहिलाय (पाठवलेली पानं मी दोनदा वाचली). फक्त त्याच्या पुढे एक पान वाढवा. चौथ्या प्रकरणात तुम्ही एक चूर्ण चाळणारी बाई दोन ओळींत आणून सोडून दिलीये, तोंडावर फडकं बांधलेली, मला ती विसरता येत नाहीये. साठा बुडाल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तिला किनाऱ्यावर आणा. काम गेलंय, पाण्याला रात्री उजेड येतोय, आणि खोकला तर आहेच. ती त्या दिवशी कुठे जाते तेवढं लिहा आणि मला पाठवा, वाट बघतेय.